बॅट सुटली, मैदान सुटू नये

एप्रिल महिना उजाडला की आमच्या धरणगावात आणि साऱ्या खानदेशात भीमजयंतीच्या क्रिकेट स्पर्धांना रंग चढतो. कापूस निघून मोकळी झालेली काळी जमीन, तिच्यावर पाणी मारून केलेली पट्टी, तीन यष्ट्या आणि टेनिसचा चेंडू. लाउडस्पीकरवर दोन षटकांच्या मध्ये भीमगीत, पोरांच्या अंगावर निळे टी-शर्ट आणि बांधाला उभी राहिलेली वस्तीतली माणसे. बायाबापड्याही हातातले काम टाकून घटकाभर टेकतात.

आणि मग ठरल्यासारखे भांडण होते. धाव घेताना फलंदाज क्रीजमध्ये पोचला की नाही, यावरून दोन्हीकडची पोरे धावत येतात. एक बाजू ओरडते, "आउट शे!" दुसरी ओरडते, "नही शे!" पंच म्हणून उभा असतो तो बहुधा फलंदाजी करणाऱ्या संघाचाच, ज्याची पाळी अजून आलेली नाही असा गडी. त्याने बोट वर केले तर त्याचेच साथीदार त्याला खातात, नाही केले तर समोरचे. शेवटी कोणीतरी आबा किंवा दादा मध्ये पडतात, चेंडू पुन्हा टाकायला सांगतात, आणि खेळ पुढे सरकतो. मनातली अढी मात्र तशीच राहते. एकाच विहारात वंदनेला बसणारी पोरे आठ-आठ दिवस एकमेकांशी बोलत नाहीत.

वाचकहो, याच बांधावर आणखी एक माणूस उभा असतो. वय पस्तीस-चाळीस. दिवसभर जिनिंगमध्ये नाही तर हमालीवर राबलेला. दहा वर्षांपूर्वी तोच या मैदानाचा राजा होता. त्याचा चेंडू कुठे पडेल आणि कुठे वळेल, हे साऱ्या तालुक्याला कोडे होते. आता गुडघा दुखतो, संसार वाढला, संघात जागा राहिली नाही. त्याला खेळ जेवढा कळतो तेवढा आतल्या अकरांपैकी एकालाही कळत नसेल. पण त्याला कोणी विचारत नाही आणि तोही पुढे येत नाही.

या दोन गोष्टींची गाठ घालावी, म्हणून आम्ही हा लेख लिहीत आहोत. खेळ संपलेल्या खेळाडूने पंच व्हावे. जगात अनेकांनी ते केले आहे. त्यांच्या हकिकती आपल्या घराघरांत वाचल्या जाव्यात असे आम्हाला वाटते.

चाळीसगावचा टांगा

सुरुवात आपल्याच जिल्ह्यापासून करू. १९२९ साली बाबासाहेब खानदेशात आले होते. अस्पृश्यांच्या तक्रारींची चौकशी करण्यासाठी मुंबई सरकारने नेमलेल्या समितीचे ते सभासद होते. परतीच्या वाटेवर चाळीसगाव स्टेशनावर आपली माणसे त्यांना वस्तीत नेण्यासाठी जमली. पण महाराला टांग्यात बसवून टांगा हाकायला एकही टांगेवाला तयार होईना. टांगा भाड्याने देऊ, हाकणार नाही, असे त्यांचे म्हणणे. बाबासाहेबांनी पायी जावे, हे आपल्या माणसांना पटेना. तेव्हा त्यांच्यातलाच एक जण टांगा हाकायला बसला. त्याने कधी टांगा हाकलेला नव्हता. पुलावर अपघात झाला, घोडा आणि टांगा खाली गेले, बाबासाहेब दगडांवर फेकले गेले आणि त्यांच्या पायाला जबर दुखापत झाली.

बाबासाहेबांनी पुढे ही हकिकत स्वतः लिहिली. टांगेवाल्यांचा माणुसकीशून्य अहंकार त्यांनी उघडा केलाच, पण आपल्या माणसांचीही चूक सांगितली. पाहुण्याचा मान राखण्याच्या नादात त्याच्या जिवाचा विचार राहून गेला.

आमच्या मैदानावर आम्हाला ही गोष्ट नेहमी आठवते. माया आहे, अभिमान आहे, म्हणून कोणालाही लगाम देऊन चालत नाही. टांगा हाकणे शिकावे लागते, तसेच पंचाचे कामही शिकावे लागते. न शिकलेल्या माणसाला पंच केले तर अपघात ठरलेला, आणि त्यात दोष त्या बिचाऱ्याचा नसतो.

साहेबांच्या देशातली दोन फाटके

क्रिकेट इंग्लंडातून आले. तिकडे जातिभेद नव्हता, असे आपल्याला वाटते. पण क्रिकेटच्या मैदानावर एक भेद जवळजवळ जातीसारखाच पाळला जाई. हौसेने खेळणारे श्रीमंत ते 'जंटलमन', आणि पोटासाठी पगार घेऊन खेळणारे ते 'प्लेअर'. दोघे एकाच संघातून खेळत, पण कपडे बदलायच्या खोल्या वेगळ्या आणि अनेक मैदानांवर आत उतरण्याची फाटकेही वेगळी. धावफलकावर साहेबाच्या नावाची आद्याक्षरे आडनावाच्या आधी छापायची, कामगाराची नंतर. फ्रेड टिटमस नावाच्या पगारी खेळाडूची आद्याक्षरे एकदा चुकून आधी छापली गेली, तर लॉर्ड्सवर लाउडस्पीकरवरून ती चूक दुरुस्त करण्यात आली! हा भेद अधिकृतपणे संपायला १९६२ साल उजाडावे लागले.

आता यातली गंमत पाहा. तिथे पंच कोण होत? बहुतेक करून हेच पगारी खेळाडू, खेळ संपल्यावर. ज्याला वेगळ्या फाटकाने उतरावे लागे, तोच पांढरा कोट घालून उभा राहिला की त्याचे बोट लॉर्डसाहेबालाही तंबूत पाठवू शके.

फ्रँक चेस्टर हा असाच एक तरुण. वूस्टरशायर संघाकडून तो अगदी कोवळ्या वयात खेळू लागला. मोठा खेळाडू होणार, असे जाणकार म्हणत होते. पहिल्या महायुद्धात तो सैन्यात गेला आणि १९१७ साली सालोनिकाच्या आघाडीवर त्याचा उजवा हात कोपराखालून गेला. खेळ तिथेच संपला. पण १९२२ पासून तो पंच म्हणून मैदानात उभा राहिला. पहिल्याच सामन्यात त्याने दोन्ही संघांच्या कर्णधारांना बाद ठरवले. त्या काळी पंचांना काम मिळायचे ते कर्णधारांच्या शेऱ्यांवर, आणि कर्णधार म्हणजे बहुधा साहेब मंडळी. कर्णधारांना असा बाद देत राहिलास तर तुझी नोकरी संपली, असे सोबतच्या अनुभवी पंचाने त्याला बजावले. चेस्टर बदलला नाही. १९२४ ते १९५५ या काळात त्याने ४८ कसोटी सामन्यांत पंचाचे काम केले. षटकातले चेंडू मोजण्यासाठी तो सहा खडे बाळगी. ते खडे त्याने आईच्या बागेतून उचललेले होते.

दुसरा डिकी बर्ड. जन्म १९३३, बार्न्सली या कोळशाच्या गावात, घर खाणकामगाराचे. यॉर्कशायर आणि लेस्टरशायर या संघांकडून तो ९३ प्रथम श्रेणी सामने खेळला. १९५९ साली त्याने नाबाद १८१ धावा केल्या आणि पुढच्याच सामन्यात त्याला वगळले गेले. संघातून नाव काढले जाण्याचे दुःख ज्याने सोसले त्यालाच कळते. त्यात गुडघ्याने दगा दिला आणि तिशी ओलांडल्यावर खेळ थांबला. १९७० साली तो पंच झाला. पहिल्या सामन्याला उशीर होऊ नये म्हणून ओव्हल मैदानावर पहाटे सहालाच पोचला, फाटक बंद म्हणून भिंत चढू लागला आणि पोलिसाच्या हाती सापडला. पुढे तो ६६ कसोटींत आणि विश्वचषकाच्या पहिल्या तिन्ही अंतिम सामन्यांत पंच होता. १९८३ साली कपिल देवच्या संघाने लॉर्ड्सवर विश्वचषक जिंकला, त्या दिवशीही मैदानावरच्या दोन पंचांपैकी एक बर्डच होता.

१९९६ साली लॉर्ड्सवर भारताविरुद्ध त्याचा शेवटचा कसोटी सामना झाला. दोन्ही संघांनी दुतर्फा उभे राहून त्याला मानवंदना दिली. त्याच्या डोळ्यांतून पाणी वाहत होते. पहिल्याच षटकात श्रीनाथचा चेंडू इंग्लंडचा कर्णधार आथर्टनच्या पॅडवर आदळला, जोरदार अपील झाले, आणि ओल्या डोळ्यांच्या बर्डचे बोट वर गेले. मानवंदना देणाऱ्यांपैकीच एकाला, तोही आपल्याच देशाचा कर्णधार, त्याने बाद दिला. सप्टेंबर २०२५ मध्ये ९२ व्या वर्षी डिकी बर्ड वारला. खाणकामगाराचे पोर कुठवर पोचले!

आपल्याकडे काय झाले?

आपल्या समाजाच्या क्रिकेटचा विषय निघाला की पहिले नाव येते पळवणकर बाळूंचे. चर्मकार समाजात जन्मलेले बाळू पुण्यात युरोपियनांच्या जिमखान्यावर महिना चार रुपयांवर कामाला होते. खेळपट्टी आखायची, जाळी बांधायची आणि साहेबांना सरावासाठी चेंडू टाकायचे. त्यातून असा डावरा फिरकी गोलंदाज तयार झाला की हिंदू संघाला त्याला घेण्यावाचून गत्यंतर राहिले नाही. घेतले, पण चहा द्यायचा तो तंबूबाहेर, मातीच्या वेगळ्या भांड्यात. १९११ च्या इंग्लंड दौऱ्यात या माणसाने ११४ बळी घेतले. तरीही हिंदू संघाचे कर्णधारपद त्यांना मिळाले नाही. ते मिळाले त्यांचे धाकटे बंधू विठ्ठल यांना, १९२३ साली, तेही दीर्घ वादानंतर आणि भावांनी संघाबाहेर राहून दिलेल्या लढ्यानंतर.

पुढे राजकारणात बाळूंची वाट वेगळी झाली. १९३७ च्या निवडणुकीत ते काँग्रेसच्या तिकिटावर बाबासाहेबांविरुद्ध उभे राहिले आणि पडले. ते आपण विसरलेलो नाही. पण म्हणून त्यांच्या घामाचे मोल कमी होत नाही. त्यांच्या आयुष्यातून आपल्यासाठी एक गोष्ट स्पष्ट दिसते. चेंडू टाकायला, धावायला, कष्टाला आपला माणूस चालत असे. जिथे हुकूम द्यायचा, निर्णय घ्यायचा, तिथे मात्र दार बंद होई. म्हणून निर्णय देण्याच्या जागेवर आपला माणूस उभा राहण्याला आम्ही एवढे महत्त्व देतो.

भारतात मोठ्या खेळाडूने पंच होण्याचे सर्वांत ठळक उदाहरण मद्रासच्या एस. वेंकटराघवन यांचे. ऑफस्पिन टाकणारे वेंकट ५७ कसोटी खेळले, १५६ बळी घेतले. १९७५ आणि १९७९ या दोन्ही विश्वचषकांत ते भारताचे कर्णधार होते. १९८३ साली त्यांचा शेवटचा कसोटी सामना झाला. एवढ्या मोठ्या माणसाने आरामात बसून गप्पा मारल्या असत्या तरी कोणी काही म्हटले नसते. पण १९९३ साली, सत्तेचाळीस वर्षांचे असताना, ते पंच म्हणून कसोटीत उतरले. २००४ पर्यंत त्यांनी ७३ कसोटींत हे काम केले. म्हणजे खेळले त्याहून सोळा कसोटी अधिक ते पंच म्हणून उभे होते! आंतरराष्ट्रीय क्रिकेट परिषदेने २००२ साली निवडक पंचांचे पहिले एलिट पॅनेल नेमले, त्यात ते एकमेव भारतीय होते. २००३ साली त्यांना पद्मश्री मिळाली.

आपल्या महाराष्ट्रात विदर्भाकडून रणजी सामने खेळलेले उल्हास गंधे पुढे पंच झाले आणि रणजीपासून आयपीएलपर्यंत पोचले. शेजारच्या इंदूरचे नितीन मेनन मध्य प्रदेशाकडून जेमतेम दोन एकदिवसीय सामने खेळले होते. त्यांचे वडीलही पंच. वडिलांच्या सल्ल्याने त्यांनी २००६ साली पंचांची परीक्षा दिली, पास झाले आणि ऐन बाविशीत खेळणे सोडून पंच होण्याचे ठरवले. २०२० साली, वयाच्या छत्तिसाव्या वर्षी, ते त्याच एलिट पॅनेलमध्ये जाऊन बसले. खेळाडू म्हणून ज्याचे नाव कोणाला ठाऊक झाले नसते, तो पंच म्हणून साऱ्या जगाच्या मैदानांवर उभा राहिला.

तन्मय श्रीवास्तव यांची गोष्ट तर अगदी ताजी. २००८ साली १९ वर्षांखालील विश्वचषक भारताने जिंकला, त्या स्पर्धेत सर्वाधिक धावा तन्मयच्या होत्या. त्या संघाचा कर्णधार होता विराट कोहली. कर्णधार कुठल्या कुठे गेला. तन्मय आयपीएलमध्ये पंजाबकडून थोडेफार खेळले, २०२० साली निवृत्त झाले. २०२५ च्या आयपीएलमध्ये कोहली फलंदाज होता आणि तन्मय पंच. दैव कोणाला काय देते, याची चर्चा आपण बौद्ध माणसे करत नाही. हातातून एक वाट सुटल्यावर त्या तरुणाने दुसरी वाट अभ्यास करून धरली, एवढेच आपण पाहावे.

तिऱ्हाईत कशाला लागतो?

मघाच्या भांडणाकडे परत येऊ. फलंदाजी करणाऱ्या संघाचाच पंच असला की वाद होणारच. तुम्ही म्हणाल, हा खेड्यातला प्रश्न. नाही, हाच प्रश्न कसोटी क्रिकेटलाही शंभर वर्षांवर सुटला नव्हता. ज्या देशात सामना, त्याच देशाचे पंच. मग पाहुण्यांची सतत तक्रार की, पंचाने यजमानांकडे झुकते माप दिले. १९८७ साली फैसलाबादला इंग्लंडचा कर्णधार गॅटिंग आणि पाकिस्तानी पंच शकूर राणा भर मैदानात एकमेकांवर बोटे रोखून भांडले आणि एक दिवसाचा खेळ बुडाला.

त्याच्या आदल्याच वर्षी, १९८६ मध्ये, पाकिस्तानचा कर्णधार इम्रान खानच्या आग्रहाने वेस्ट इंडीजविरुद्धच्या लाहोर कसोटीसाठी तिसऱ्या देशाचे पंच बोलावले गेले. ते दोघेही भारतीय होते. एक हैदराबादचे व्ही. के. रामस्वामी आणि दुसरे मुंबईचे पिलू रिपोर्टर. रिपोर्टर हे वीज मंडळातले नोकरदार. नोकरी सांभाळून त्यांनी पंचाची परीक्षा दिली आणि १४ कसोटींत काम केले. चौकार देताना हात हलवण्याची त्यांची वेगळीच ढब होती. २०२३ साली ठाण्यात त्यांचे निधन झाले. भारत आणि पाकिस्तान यांचे संबंध कसेही असोत, भारताच्या दोन माणसांनी लाहोरला जाऊन बोट वर केले आणि ते मानले गेले. पुढे १९९४ पासून प्रत्येक कसोटीत एक तटस्थ पंच आला, २००२ पासून दोन्ही.

आपल्या खटल्यात आपणच न्यायाधीश होऊ नये, हे साधे तत्त्व. गावकीच्या पंचायतीत आपल्या आजोबा-पणजोबांनी काय भोगले? फिर्याद ज्याच्याविरुद्ध, तोच न्याय देणारा. त्यामुळे तटस्थ पंचाचे मोल आपल्या समाजाला इतरांपेक्षा अधिक कळावे. आणि कळत असेल, तर आपल्या स्पर्धांत तरी ते पाळावे.

कोटाच्या आत काय असते?

पंच नुसता उभा असतो, असे वाटते. पण कसोटीच्या एका दिवसात ९० षटके टाकायची असतात. म्हणजे ५४० चेंडू. निम्म्या षटकांना तो यष्ट्यांमागे, निम्म्यांना स्क्वेअर लेगला. एकाही चेंडूला डोळा ढळून चालत नाही.

पायचीतचेच घ्या. ताशी १३० किलोमीटर वेगाचा चेंडू हातातून सुटल्यापासून फलंदाजापर्यंत सुमारे अर्ध्या सेकंदात पोचतो. तेवढ्यात पंचाने पाहायचे असते: चेंडू नो-बॉल तर नव्हता? टप्पा लेग यष्टीच्या बाहेर तर पडला नाही? पॅडच्या आधी बॅटला लागला का? पॅडला लागला तेव्हा यष्ट्यांच्या रेषेत होता का, आणि नसेल तर फलंदाजाने खेळण्याचा खरा प्रयत्न केला होता का? आणि शेवटचे, पॅड मध्ये नसते तर चेंडू यष्टीवर गेला असता का? एका प्रश्नाचे उत्तर जरी फलंदाजाच्या बाजूने गेले तरी तो नाबाद.

इथे खेळलेल्या माणसाचा फायदा होतो. बॅटची कड लागल्याचा आवाज आणि बॅट पॅडवर घासल्याचा आवाज यातला फरक त्याच्या कानाला माहीत असतो. गोलंदाज मुद्दाम खेळपट्टीवर धावून खड्डा पाडतो आहे, की पाय घसरला, हे तो ओळखतो. पण खेळलेल्या माणसाचा एक तोटाही असतो. आपल्याला सगळे येते, असे त्याला वाटते आणि पुस्तक उघडायचे राहून जाते.

क्रिकेटच्या कायद्यात एक कलम आमच्या मनात घर करून आहे. क्षेत्ररक्षण करणाऱ्यांनी अपील केल्याशिवाय पंचाला फलंदाज बाद देता येत नाही. चेंडू लागला, सगळ्यांना दिसले, पण कोणी विचारलेच नाही, तर बोट वर जाणार नाही. न्याय हवा असेल तर दाद मागावी लागते. ही शिकवण आपल्याला नवी नाही.

पंचाच्या अंगी एक गुण मात्र पुस्तकाने येत नाही. आपल्या धम्मात मैत्री, करुणा, मुदिता आणि उपेक्षा असे चार भाव सांगितले आहेत. पुष्कळ जण उपेक्षा म्हणजे दुर्लक्ष समजतात. तसे ते नाही. आवड-नावड, आपला-परका बाजूला ठेवून मन समतोल राखणे, ही खरी उपेक्षा. डोळ्यांत पाणी असताना आथर्टनला बाद देणारा डिकी बर्ड आठवा. विहारात आपण जे म्हणतो, ते मैदानावर असे दिसते.

परीक्षा सोपी नाही

आता व्यवहाराचे बोलू. क्रिकेटचे कायदे पहिल्यांदा १७४४ साली लिहिले गेले. आज लंडनच्या मेरिलबोन क्रिकेट क्लबच्या पुस्तकात ४२ कायदे आहेत. मूळ पुस्तक इंग्रजीत आहे, भाषा वकिली आहे. ती आपल्या बहुतेक पोरांना पहिल्या दिवशी जड जाणार. पण घरात एक तरी मुलगा-मुलगी कॉलेजात असते. तिने वाचावे, दादाने मैदानावरचा अर्थ सांगावा. दोघांचाही अभ्यास होतो.

जळगाव आणि धुळे हे जिल्हे पुण्याच्या महाराष्ट्र क्रिकेट असोसिएशनच्या क्षेत्रात येतात. आधी राज्य पातळीची परीक्षा, मग सामन्यांचा अनुभव, आणि त्यानंतर क्रिकेट नियामक मंडळाची परीक्षा, अशी ही शिडी आहे. परीक्षा कधी आहे, याची चौकशी जिल्हा संघटनेकडे वेळोवेळी करत राहावी.

मंडळाची परीक्षा किती कडक असते? २०२२ साली अहमदाबादला झालेल्या परीक्षेला १४० जण बसले, पास झाले फक्त ३. दोनशे गुणांपैकी लेखी १००, बाकी तोंडी, चित्रफीत पाहून निर्णय देणे आणि शारीरिक क्षमता. त्यात एक प्रश्न होता: तंबूची, झाडाची किंवा क्षेत्ररक्षकाची सावली खेळपट्टीवर पडली आणि फलंदाजाने तक्रार केली, तर काय कराल? तंबू आणि झाड यांच्या सावलीची तक्रार ऐकायची नाही. क्षेत्ररक्षकाला मात्र स्थिर उभे राहायला सांगायचे, तो हलला तर चेंडू मृत ठरवायचा. पाहा, सावलीलाही कायदा आहे! वीस वर्षे खेळलेल्या किती जणांना हे ठाऊक असेल?

पैशाचेही लपवून ठेवत नाही. त्याच २०२२ सालच्या दरांनुसार मंडळाच्या वरच्या वर्गातल्या पंचाला प्रथम श्रेणी सामन्याच्या दिवसाला ४० हजार रुपये आणि खालच्या वर्गात ३० हजार रुपये ठरले होते. आकडे ऐकून डोळे दिपतील. पण तिथवर मोजकेच पोचतात. शाळा-कॉलेजच्या आणि क्लबच्या सामन्यांवर घर चालत नाही. म्हणून हातची नोकरी सोडू नका. पिलू रिपोर्टर यांनी नोकरी सांभाळूनच सुरुवात केली होती.

लेकींसाठीही वाट मोकळी

आमच्या भगिनी म्हणतील, यात आमचे काय? नवी मुंबईच्या वृंदा राठी यांचे उदाहरण घ्या. त्या मुंबई विद्यापीठाकडून मध्यमगती गोलंदाजी करत. खेळ थांबल्यावर त्यांनी धावा लिहिण्याचे, म्हणजे स्कोअररचे काम धरले. २०१३ च्या महिला विश्वचषकात त्या हेच काम करत असताना न्यूझीलंडच्या पंच कॅथी क्रॉस यांच्याकडे पाहून, आपणही पंच व्हावे, असे त्यांच्या मनाने घेतले. २०१८ साली त्या मंडळाची परीक्षा पास झाल्या. जानेवारी २०२३ मध्ये त्या, एन. जननी आणि गायत्री वेणुगोपालन या तिघी पुरुषांच्या रणजी सामन्यांत पंच म्हणून उभ्या राहिल्या. रणजी स्पर्धा १९३४ साली सुरू झाली. मैदानावर बाईचे बोट चालायला तिला जवळजवळ नव्वद वर्षे लागली.

सावित्रीमाईच्या लेकींना आम्ही एवढेच सांगू: स्पर्धेच्या दिवशी धावफलकाची वही तुमच्या हाती घ्या. तिथून सुरुवात होते.

येत्या जयंतीला

आमची सूचना साधी आहे. उन्हाळ्याच्या आधी, थंडीच्या दिवसांत, आठवड्यातून एक संध्याकाळ विहारात वंदनेनंतर तासभर ठेवावी. दहा-बारा जण पुरेत. एक कायदा वाचावा, त्यावर मैदानातले प्रसंग सांगून चर्चा करावी. धावबाद, झेल, नो-बॉल आणि मृत चेंडू, एवढे जरी पक्के झाले तरी निम्मी भांडणे मिटतील. गोलंदाजाकडचा फलंदाज चेंडू सुटण्याआधीच पुढे पळाला तर त्याला धावबाद करणे कायद्यात बसते, हेही आपल्या पोरांना कळेल. विनू मांकड यांनी १९४७ साली सिडनीला बिल ब्राउनला तसे बाद केले, तेव्हापासून लोक त्यावर नाके मुरडत आले. २०२२ साली हे कलम गैरखेळाच्या कायद्यातून काढून सरळ धावबादाच्या कायद्यात घातले गेले.

स्पर्धा आपल्या वस्तीची असेल तर पंच शेजारच्या गावचे बोलवावेत, त्यांच्या स्पर्धेला आपले पाठवावेत. त्यांना जेवण, प्रवासखर्च आणि मानधन द्यावे, आणि बक्षीस समारंभात खेळाडूंबरोबर त्यांचाही सत्कार करावा. त्यांनी दिलेला निर्णय चुकला तरी त्या दिवशी मान्य करावा. चूक त्यांना संध्याकाळी, चहा पिताना, दादा-भाऊ म्हणून सांगावी.

आणि बांधावर उभ्या असलेल्या त्या भावाला आमचे सांगणे आहे: भाऊ, तुमचा गुडघा गेला असेल, नजर गेलेली नाही. मैदानाने तुम्हाला जे शिकवले ते घरी नेऊन खुंटीला टांगू नका. पुस्तक हातात घ्या, लागलेच तर मुलीकडून वाचून घ्या. येत्या जयंतीला पोरे "आउट शे, नही शे" करत तुमच्याकडे धावत येतील, तेव्हा तुम्ही कोणाचेही न ऐकता, जे पाहिले तेच सांगा.

जय भीम! नमो बुद्धाय!